राजांचा गळा

आरतीला राजे सगळ्यांत मोठं तोंड उघडायचे. मान जराशी मागे, डोळे मिटलेले, हनुवटी चालीबरोबर वरखाली होतेय आणि टाळ्या अगदी ठेक्यात. लांबून पाहणाऱ्याला वाटावं, सगळ्या घराची आरती हा एकटा माणूस ओढून नेतोय. पण मी त्यांच्या शेजारी उभी होते. हातात तबक होतं आणि कान शाबूत होते. त्या तोंडातून आवाज येत नव्हता. एका अक्षराचासुद्धा नाही.

अर्णव, ईरा, मागच्या सुट्टीत तुम्ही दिवाणखान्यातल्या खणातून एक जुनी सीडी काढून लावलीत. मुकुट घातलेला, मिशीवाला एक राजा बागेत उभा राहून गात होता. "आजी, हा कोण?" असं तुम्ही विचारलंत आणि मी "सुधाआजीचे यजमान" एवढं सांगून पोळ्या लाटायला निघून गेले. उत्तर खोटं नव्हतं, पण अपुरं होतं. अपुरं उत्तर मी शाळेत मुलांचं चालवून घेतलं नाही, तेव्हा स्वतःचं तरी का चालवून घ्यावं? म्हणून हे नीट लिहून पाठवते आहे.

ईराला तिच्या शाळेने ऑपेरा दाखवायला नेलं होतं. तिथे माणसं रागावली तरी गातात आणि मरतानासुद्धा गातात, असं तिने मला फोनवर हसत सांगितलं होतं. आपल्याकडे संगीत नाटक असतं, ते पुष्कळसं तसंच. राजा शिकारीला निघाला की एक पद म्हणतो, राणी रुसली की दुसरं. नव्वदच्या दशकात ही नाटकं गावोगाव लागेनाशी झाली, तेव्हा पुण्याच्या एका लहानशा कंपनीने त्या धर्तीची नाटकं कॅमेऱ्यावर घ्यायला सुरुवात केली. आधी त्यांच्या व्हिडिओ कॅसेट निघाल्या, मग सीडी. दुपारी केबलवरही ती दाखवत. दौंडमध्ये जेवणं आटोपली की बायका टीव्हीसमोर बसत आणि जवळजवळ प्रत्येक नाटकात राजा एकच असे. म्हणून त्यांचं नाव राजे पडलं.

ही नाटकं चित्रित कुठे होत, तर मंगल कार्यालयात. चातुर्मासात लग्नं नसतात, त्यामुळे कार्यालय कमी भाड्यात मिळतं. मखमली पडदे तयार, झुंबर तयार, आणि नवरानवरीला बसायच्या त्या सोनेरी खुर्च्या म्हणजे आयतं सिंहासन. वरवंडच्या एका कार्यालयात राजांनी किती राज्यं चालवली याला गणती नाही. नीट पाहिलंत तर त्या सीडीतही सिंहासनाच्या पाठीवर थर्माकोलचा बदाम चिकटवल्याची खूण दिसते.

तिथेच सुधा त्यांना भेटली. सुधा माझी धाकटी बहीण, शिरूरला मुलींच्या शाळेत गाण्याची बाई. आमचे आईवडील लवकर गेले. तिच्या लग्नाचं वय माझ्या देखत निघून गेलं आणि ती एकटी राहायला सरावली होती. नाटकातल्या मुलींना ठेका कळत नव्हता, म्हणून कंपनीने तिला श्रावणातले काही रविवार वरवंडला बोलावलं. श्रावण संपला, तरी सुधाचे रविवार काही संपेनात. मग एका दुपारी ती दौंडला आमच्या दारात उभी राहिली आणि तिच्यामागे हा उंच माणूस. मे महिना नव्हता, पण थंडीही नव्हती, आणि गळ्याला मफलर.

"ताई, हे राजे," सुधा म्हणाली.

"खरं नाव काय?" मी विचारलं.

"दत्तोबा," ते म्हणाले. "पन त्या नावानं हाक मारली तर मी आता वळत न्हाई. सवय मोडली."

स्वतःच्या नावाला न वळणारा माणूस! माझी पहिली शंका तिथेच जन्मली.

दुसरी शंका त्यांच्या बोलण्यावरून आली. ते तळेगाव ढमढेऱ्याचे, शेतकऱ्याच्या घरातले. चहा घेताना "साखर कमी हाय का ओ ताई?" असं सरळ विचारत. पण कुणी नाटकाचा विषय काढला की पाठ ताठ होई, आवाज छातीतून येई आणि भाषा एकदम बदले. "देवी, आपल्या हातच्या चहाने आमचा शीण गेला." तुमचे आजोबा खूश होऊन हसत. रेल्वेत गार्ड म्हणून आयुष्य काढलेला माणूस, त्यांना दिवा हिरवा दिसला की पुरे. मला मात्र प्रश्न पडे की हा माणूस खोलीतून खोलीत जावं तसा एका भाषेतून दुसऱ्या भाषेत जातो, तर राहतो नक्की कुठे?

तिसरी शंका गळ्याची. ताक नको, दही नको, पेरूसुद्धा नको. खिशात ज्येष्ठमधाची काडी कायम. पाणी कोमट. आग्रह केला की गळ्यावर हात ठेवून म्हणत, "गळा जपावा लागतो ताई. पोट त्याच्यावर हाय." बरं, गळा एवढा जपता तर गा तरी. पण छे! सुधा पेटी पुढे ओढी, तेव्हा हे ठेका धरत, मान डोलवत, दाद देत. सुधा म्हणे, "गा ना." हे म्हणत, "कोकिळेपुढं कोन तोंड उघडतं का?" ऐकायला गोड. पण पोलीस ठाण्यातसुद्धा माणूस इतक्या सफाईने प्रश्न टाळत नसेल.

आणि मग पुढच्या वर्षी ती गणपतीची आरती झाली, जी मी सुरुवातीला सांगितली.

दुसऱ्या दिवशी सकाळी भाजी निवडताना मी तुमच्या आजोबांना म्हटलं, "त्या माणसाचा आवाज त्याचा नाही."

"मग कुणाचा?"

"ते मला कसं ठाऊक? दुसऱ्या कुणाचा तरी आहे. हा नुसतं तोंड हलवतो आणि जगाला वाटतं हाच गातो."

"अगं, सिनेमातले सगळे हीरो तेच करतात की."

"त्यांनी माझ्या बहिणीला मागणी घातलेली नाही."

मागणी त्यांनी आडवळणाने घातली होती. सुधाने ती मला सांगितली आणि माझं मत विचारलं. मुलांनो, यात काय पणाला लागलं होतं ते नीट समजून घ्या. सुधाचं आयुष्य लहान होतं, पण बसवलेलं होतं. शाळा, पेटी, वडिलांचं शिरूरचं घर. पन्नाशीला टेकलेला, कंपनी बोलावील तेव्हाच कामाला जाणारा हा नट त्या घरात शिरणार होता. सुधाला आयुष्यभर गाण्याचं वेड. ती त्या पडद्यावरच्या आवाजाला भुलली असेल आणि तो आवाजच त्यांचा नसेल, तर लग्नानंतर तिच्या हाती काय उरणार? मफलर? आणि जो माणूस दुसऱ्याचा आवाज स्वतःचा म्हणून चालू देतो, तो आणखी काय काय चालू देईल?

मी वरवंडला जाऊन पाहून यायचं ठरवलं. सुधाला म्हटलं, मला शूटिंग बघायचंय. कार्यालयाच्या अंगणात तुळशीचं खोटं वृंदावन मांडलं होतं. राजे मुकुट घालून उभे. कोपऱ्यात मोठ्या स्पीकरवर पद लागलं आणि कॅमेरा फिरू लागला. राजे तोंड उघडून गात होते. खरंच गात होते की काय कोण जाणे, कारण मानेच्या शिरा टरारून फुगल्या होत्या आणि कपाळावर घाम होता. पण स्पीकर इतका मोठा होता की त्यांच्या तोंडचा आवाज ऐकायला अगदी त्यांच्यापाशी जावं लागलं असतं. मी हळूहळू सरकत वृंदावनापर्यंत पोचलेसुद्धा.

"ओ आजी, फ्रेममंदी आलात!" कॅमेरावाला ओरडला. "दासीचा रोल करायचा का?"

सगळे हसले. मी त्या वेळी आजी नव्हते आणि दासी तर कधीच नव्हते. तशीच मागे फिरले. राजांनी मात्र मला पुरतं ओळखलं होतं. चहाच्या वेळी जवळ येऊन म्हणाले, "ताई, काय ऐकू आलं का?"

"स्पीकर फार मोठा आहे," मी म्हटलं.

"व्हय. मुद्दाम ठिवतो आमी," ते म्हणाले आणि ज्येष्ठमध चावत निघून गेले.

मुद्दाम! मी येताना जीपमध्ये वरवंडपासून घरापर्यंत त्या एकाच शब्दावर विचार करत बसले.

अशात दौंडच्या एका मंडळाने राजांचा सत्कार ठेवला. रविवारची दुपार, कार्यालय गच्च भरलेलं, बायका तर दारापर्यंत. शाल झाली, नारळ झाला, भाषणं झाली. मग मंडळाच्या अध्यक्षांनी जाहीर केलं की राजे आपलं गाजलेलं पद सादर करतील. मुकुट नव्हता, पण शाल त्यांनी अशी घेतली की मुकुट नसल्याचं कुणाच्या लक्षात येऊ नये. बाजूला टेबलावर टेपरेकॉर्डर होता आणि त्याच्या मागे टेपवाला. टेप सुरू झाला, राजे रंगमंचाच्या मधोमध आले आणि पद रंगलं. ओठ आणि सूर यांत केसाएवढंही अंतर नाही. तान संपली तिथे हात थांबला. श्वास घेतला तिथे छाती भरली. मी दुसऱ्या रांगेत होते, सुधा माझ्या पुढच्या रांगेत. पद संपलं आणि टाळ्यांचा कडकडाट झाला.

आता आपल्याकडची एक रीत तुम्हाला सांगितली पाहिजे. संगीत नाटकात पद आवडलं की प्रेक्षक "वन्स मोअर" म्हणून ओरडतात. मग गोष्ट कुठेही असो, राजा मरणपंथाला का लागलेला असेना, त्याने उठून ते पद पुन्हा म्हणायचं. नाही म्हणायची सोय नाही. प्रेक्षकांचा हुकूमच तो. ही रीत जित्या गळ्यासाठी आहे, हे मला पक्कं ठाऊक होतं. टेपला कोण वन्स मोअर देतं? आणि दिला, तर तोंड हलवणारा माणूस काय करणार?

म्हणून मी दिला. आयुष्यात नाटकाला कधी ओरडले नव्हते. पण जन्मभर इंग्रजी शिकवलेल्या बाईचा तो वन्स मोअर होता, उच्चारात चूक नव्हती. लगेच मागून दहा जणांनी तो उचलला. सुधाने वळून माझ्याकडे पाहिलं. राजांनीही पाहिलं.

त्यांनी हात जोडले. टेपवाल्याने निर्विकारपणे बटण दाबलं, कर्रकर्र करत फीत मागे गेली आणि पद पुन्हा पहिल्यापासून सुरू झालं. लोकांना त्यात काही वावगं वाटलं नाही! उलट पहिल्यापेक्षा जास्त दाद. मी हात चोळत बसले. आमच्या दौंडकरांनी फीत गुंडाळणाऱ्या यंत्राकडून वन्स मोअर घेतला होता आणि ते खूश होते.

पद निम्म्यावर आलं आणि वीज गेली.

त्या दिवसांत वीज जाणं नवं नव्हतं. जाण्याच्या वेळा ठरलेल्या असत आणि ती त्या वेळा पाळत नसे. पंखे थांबले, टेपमधला गोड आवाज एका शब्दाच्या मध्येच तुटला. पण पद थांबलं नाही. राजे डोळे मिटून गातच होते. आणि त्यांचा स्वतःचा आवाज आम्ही सगळ्यांनी पहिल्यांदा ऐकला. काय सांगू तुम्हाला? तेल न घातलेला रहाट फिरावा तसा. जाड, फाटका, सुरापासून हातभर लांब. शब्द सगळे बरोबर, बाकी काहीच बरोबर नाही. ओळ पुरी झाल्यावर त्यांना शांतता जाणवली आणि त्यांनी डोळे उघडले.

मग मागून कुणीतरी म्हणालं, "राजं, घशात कावळा बसला का काय?" आणि सगळं कार्यालय फुटलं. पोरं बाकांवर हात आपटू लागली. बायका पदर तोंडात धरून हसत होत्या. टेपवाला जनरेटरकडे धावला, पण ते दोरी ओढून ओढून नुसतं खोकत होतं. "वन्स मोअर!" एकजण ओरडला. "व्हय, वन्स मोअर! कावळ्याचा वन्स मोअर!"

मला वाटलं, आता हा माणूस मागच्या दाराने जाईल. मला तेच हवं होतं, असं म्हणायला हरकत नाही. माझी शंका भरसभेत खरी ठरली होती.

राजांनी शाल सारखी केली. मफलर सोडून टेबलावर ठेवला. हात जोडून वाकले, जसे पहिल्या वेळी वाकले होते तसेच, आणि पद पहिल्यापासून म्हणायला लागले. स्वतःच्या आवाजात. सगळं. हातवारे तेच, पावलं तीच, राणीकडे पाहायची ती नजरही तीच. हसू आणखी वाढलं, मग हळूहळू कमी झालं, मग काही जण हसत होते आणि काही नव्हते. वन्स मोअर चेष्टेने दिला की मनापासून, हा विचार नटाने करायचा नसतो, असं त्यांचं वागणं होतं.

मी मात्र त्यांच्याकडे पाहत नव्हते. मी सुधाकडे पाहत होते. तिच्या चेहऱ्यावर धक्का शोधत होते. धक्का नव्हता. तिचा उजवा हात गुडघ्यावर होता आणि बोटं ठेका धरत होती. राजे तालातून घसरले की ती बोटं थांबत, त्यांना येऊ देत, आणि मग पुढे चालू लागत. मुलींच्या शाळेत ठेका चुकला की पट्टी उगारणारी माझी बहीण एका बेसूर माणसासाठी ताल थांबवून धरत होती.

बाहेर आल्यावर मी तिला बाजूला घेतलं. "तुला माहीत होतं?"

"ताई, मी गाण्याची बाई आहे," ती म्हणाली. "माणूस 'नमस्कार' म्हणतो त्यात त्याचा सूर कळतो. पहिल्याच रविवारी कळलं मला."

"त्यांनी सांगितलं होतं?"

"नाही. मीही विचारलं नाही. लाजतात ते."

"मग कशाला भुललीस तू?"

"मी इतकी वर्षं मुलींना गायला शिकवतेय. मुली गातात, त्यांच्या आया टाळ्या वाजवतात. ऐकत कुणीच नाही. हे ऐकतात, ताई."

मला ते पटलं नाही. ऐकण्याचं सोंगही आणता येतं, आणि सोंग आणणं हा तर त्यांचा धंदाच.

दुसऱ्या दिवशी सकाळी राजे एकटेच आमच्या घरी आले. मफलर नव्हता. दारातूनच म्हणाले, "ताई, सुधाबाईंना काय इचारू नका. जे इचारायचं ते मला इचारा."

तुमचे आजोबा पेपर घेऊन मागच्या अंगणात गेले. मी खुर्ची दिली. "गातं कोण?" मी विचारलं.

"पुण्याचे एक बुवा हायेत. मी त्यास्नी कधी बघितलं न्हाई." बोलताना त्यांनी कानाच्या पाळीला हात लावला. "टेप येती माझ्याकडं. मी आठ-आठ दिवस नुसती ऐकतो. बुवा श्वास कुठं घेतात, आवंढा कुठं गिळतात, ते सगळं ध्यानात ठिवतो. एका पदात त्यांनी शब्दाच्या मधीच श्वास घेतलाय. मी म्हनलं, बुवांना त्या दिवशी पडसं झालं असंल. मग मीबी त्या पदात पडसं झाल्यागत उभा राहिलो."

मला हसू येत होतं, पण मी येऊ दिलं नाही. "आणि तुम्ही स्वतः गाता कशाला?"

"नुसते ओठ हलवले तर गळा मेल्यावानी दिसतो. कॅमेरा लय जवळ येतो ओ. शिर फुगायला आवाज काढावाच लागतो. म्हनून तर स्पीकर मोठा."

"मग हे लपवलंत का?"

"मी कुठं गातो म्हनलो? कव्हरावर माझं नाव गायक म्हनून लिहिलं ते कंपनीनं. मला कुनी इचारलंच न्हाई. तुमी पयल्याच."

उत्तर चोख होतं. चोख उत्तरांवर माझा कधीच विश्वास नसतो. वर्गात जो मुलगा सगळ्यांत चोख उत्तर देतो, त्याच्याच दप्तरात काहीतरी सापडतं. म्हणून मी शेवटचा प्रश्न विचारला. "आणखी काय आहे जे सुधाला ठाऊक नाही?"

त्या घरात मी त्यांना पहिल्यांदाच हातांचं काय करावं हे न सुचलेलं पाहिलं. एकदा गुडघ्यावर ठेवले, एकदा मांडीखाली घातले.

"कंपनी बंद झाली," ते म्हणाले. "सत्काराच्या आदीच. आता ती पदं कुनी घेत न्हाई, ताई. कालचं माझं शेवटचं. दुसरं काम मला येत न्हाई. सुधाबाईंना सांगितलं, तर त्या दयेपोटी हो म्हनतील. न सांगता लगीन केलं तर मी लबाड. तवा काय करू ते तुमीच सांगा."

म्हणजे मी एवढे महिने चुकीच्या दारावर पहारा देत होते. गळ्यात काहीच लपलेलं नव्हतं, जे होतं ते दुसरीकडेच होतं. तुम्हाला वाटेल, आजी आता विरघळली. मुळीच नाही. मी म्हटलं, "आत्ताच्या जीपने शिरूरला जा. तिला सांगा. माझ्याकडे आला होतात हेही सांगा. ती दयेने हो म्हणते की कसं, ते तिला ठरवू द्या. दया कुठली आणि दुसरं काही कुठलं, हे कळण्याइतकी ती मोठी आहे."

ते उठले. राजासारखे नव्हे. गुडघे दुखणारा शेतकरी उठतो तसे. "येतो ताई" म्हणून गेले.

संध्याकाळी सुधाचा फोन आला. "त्यांनी सांगितलं," ती म्हणाली.

"मग?"

"मी म्हटलं, बरं झालं, आता रविवारी घरी असाल."

उन्हाळ्यात शिरूरला नोंदणी करून लग्न झालं. जेवणात आमरस होता आणि राजांनी दोन वाट्या गार आमरस आणि वर मठ्ठा घेतला. गळा जपायचं आता कारण नव्हतं. पुढे त्यांनी तळेगावच्या आपल्या वाट्याच्या जमिनीत भाजी लावली आणि आठवड्याच्या बाजारात ते स्वतः विकायला बसू लागले. गिऱ्हाइकं ओळखत. "राजं, कोथिंबीर कशी दिली?" असं कुणी विचारलं की छातीतून आवाज येई, "प्रजाजनहो, ही जुडी आपणांस विनामूल्यच दिली असती, पण राणीसाहेब रागावतील." सुधा सांगते, त्यांची भाजी सगळ्यांच्या आधी संपायची.

माझं म्हणाल, तर मी त्यांना मोकळं सोडलं नाही. दिवाळीला आले की मी सुधाचा चेहरा नीट पाहून घेई. वजन उतरलंय का, हातातल्या बांगड्या जागेवर आहेत का, हसते ती माझ्यासाठी हसते का. आणि तिच्या लग्नानंतरच्या आठवड्यात मी आणखी एक व्यवस्था करून ठेवली होती. आपल्या घरातली पूर्वेकडची छोटी खोली, जिथे आता तुम्ही आलात की झोपता, ती मी रिकामी केली. खाट, धुतलेली चादर, पाण्याचा तांब्या, आणि कपाटाचे सगळे कप्पे मोकळे. एखाद्या दिवशी सुधा बॅग घेऊन परत आली तर तिला 'कुठे ठेवू' असं विचारावं लागू नये. कुणालाही मी याचं कारण सांगितलं नाही. पाहुणे आले तरी ती खोली कुणाला दिली नाही. त्यात चूक होती असं मला आजही वाटत नाही. मोठ्या बहिणीने दार उघडं ठेवायचंच असतं.

सुधा बॅग घेऊन आली, पण ती राजे गेल्यावर. त्यांना छातीत दुखू लागलं ते बाजारातच. पुण्याला नेईपर्यंत सगळं संपलं. तेरा दिवस झाले, पाहुणे पांगले आणि ती थेट माझ्याकडे आली. मी तिला त्या खोलीत नेलं. ती चादरीवर आडवी झाली आणि दुपारभर झोपली. उठल्यावर मी चहा घेऊन गेले, तर ती कपाट उघडून उभी होती. रिकाम्या कप्प्यांवरून हात फिरवत होती.

"हीच ना ती खोली?" ती म्हणाली.

"कुठली?"

"माझ्यासाठी ठेवलेली. मी परत येईन म्हणून."

"तुला कुणी सांगितलं?"

"राजांनी. पहिल्याच दिवाळीत त्यांनी ओळखलं. घरात गर्दी, भाऊजी हॉलमध्ये झोपलेत, आणि ही खोली बंद. मी तुझ्याशी भांडणार होते, ताई. तर त्यांनी अडवलं." तिने राजांच्या बोलीत सांगितलं, अगदी त्यांच्याच लकबीत. "म्हणाले, 'असू दे ती खोली. ती हाय तवर मला नीट वागावं लागंल.'"

मग ती हसली आणि हसता हसता खाटेवर बसून रडली. मी तिच्या शेजारी बसले. त्या दिवशी मला त्यांच्याविषयी एकही प्रश्न सुचला नाही.

मी तिला म्हटलं, राहा इथेच. तिने चहा संपवला आणि बॅगेची चेन लावली. "नको. भेंडी तोडायला आलीय, उद्या सकाळी नाही तोडली तर जून होईल. आमचं घर उघडं पडलंय तिकडे." तुमचे आजोबा तिला जीपपर्यंत सोडायला गेले.

ती गेल्यावर मी खोलीत आले. थंडी तोंडावर होती. दुसऱ्या दिवशी सकाळी माळ्यावरच्या रजया खाली काढल्या, उन्हात टाकल्या, आणि संध्याकाळी त्या कपाटाच्या मोकळ्या कप्प्यांत एकावर एक रचून ठेवल्या.